खुनाच्या कलमात 'धर्म' हा शब्द का नाही?

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

परवा तुमच्या पेपरात द्वेष पसरवणाऱ्या भाषणांवर कडक कायदा पाहिजे असं पत्र आलं होतं, ते वाचून राहवलं नाही म्हणून लिहितोय. भाषणांवर सगळे बोलतात पण त्या भाषणानंतर कुणीतरी जिवानिशी जातो तेव्हा कायदा त्या द्वेषाला काय किंमत देतो हे कुणी विचारतच नाही. मी हडपसरला राहतो, वकिलांकडे क्लार्क म्हणून आयुष्य गेलं, त्यामुळे हे जरा जवळून बघितलंय.

२ जून २०१४. फेसबुकवरच्या घाणेरड्या फोटोंवरून पुण्यात वातावरण तापलेलं, आणि त्या रात्री आमच्या भागात नमाज पढून घरी निघालेल्या २४ वर्षांच्या आयटीतल्या पोराला हॉकी स्टिकनी मारून मारून संपवलं. मूळचा सोलापूरचा, नोकरीसाठी इकडे आलेला, त्या फोटोंशी त्याचा काडीचा संबंध नव्हता. पुढे जानेवारी २०१७ मध्ये तीन आरोपींना हायकोर्टात जामीन मिळाला तेव्हा ऑर्डरमध्ये असं आलं की मयताचा दोष एवढाच की तो दुसऱ्या धर्माचा होता, आणि हीच गोष्ट आरोपींच्या बाजूने धरली गेली, का तर त्यांची त्याच्याशी वैयक्तिक दुश्मनी नव्हती, ते धर्माच्या नावावर भडकले होते. म्हणजे बांधाच्या भांडणातून मारलं असतं तर हेतू जड, आणि ओळखपाळख नसताना नुसता धर्म बघून मारलं तर हलका? मी ते वाचून दोन दिवस नीट जेवलो नाही. सुप्रीम कोर्टाने फेब्रुवारी २०१८ मध्ये ती ऑर्डर रद्द केली, बरं झालं. पण जानेवारी २०२३ मध्ये पुण्याच्या कोर्टातून सगळे आरोपी निर्दोष सुटले. पुरावा पुरला नाही. त्यावर मी काही म्हणत नाही, पण त्या रात्री पोरगं मेलं ते मेलंच ना.

आता नवा कायदा बघा. १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहिता आली, त्यात कलम १०३(२) नवीन आहे, पाच किंवा जास्त जणांनी मिळून वंश, जात किंवा समाज, लिंग, जन्मस्थान, भाषा, वैयक्तिक श्रद्धा किंवा तसल्याच कारणावरून खून केला तर फाशी किंवा जन्मठेप. चांगलंच आहे, पण 'धर्म' हा शब्द त्यात नाहीच! भाषणाच्या कलमात, १९६ मध्ये, तो अगदी पहिल्या यादीत आहे आणि खुनाच्या कलमातून गायब. वकील मंडळी म्हणतात श्रद्धा नाहीतर समाज या शब्दात बसवता येईल. बसवता येईल, पण कोर्टात वर्षं जातात असल्या एकेका शब्दावर, लिहायला काय हरकत होती? आणि चौघांनीच मारलं तर काय, तेव्हा हे कलम लागणारच नाही. ब्रिटनमध्ये १९९८ च्या कायद्याने एकट्याने जरी वांशिक द्वेषातून मारहाण केली तरी शिक्षा वाढते.

पण लांब कशाला जायचं, आपल्याकडे ॲट्रॉसिटी कायदा आहेच की. खैरलांजीत २००६ मध्ये एका दलित घरातली चार माणसं मारली, गावाला त्यांची जात माहीत होती, तरी ॲट्रॉसिटीचं कलम टिकलं नाही कारण जातीमुळेच मारलं हे सिद्ध करावं लागायचं. मारणाऱ्याच्या मनातलं कसं सिद्ध करणार? म्हणून तर पुढे दुरुस्ती झाली आणि २०१६ पासून मारणाऱ्याला समोरच्याची जात माहीत होती एवढं दाखवलं तरी चालतं, आणि ओळख असेल तर माहीत होती असंच कोर्ट धरून चालतं. शिवाय कर्तव्यात कसूर करणाऱ्या सरकारी नोकराला कलम ४ खाली सहा महिने ते एक वर्ष शिक्षा आहे. हे दोन्ही बाकीच्या द्वेषाच्या गुन्ह्यांना का लावू नये?

कसूर म्हणतो त्याचं कारण सांगतो. मागे आमच्या सोसायटीच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर एका समाजाला इथून हाकला, ऐकत नसतील तर बघून घ्या असा मेसेज फिरला, मी प्रिंट काढून चौकीत गेलो. तिथल्या साहेबांनी सांगितलं काका यात सरकारची परवानगी लागते, आम्हाला काही करता येत नाही. हे चूक आहे! परवानगी लागते ती कोर्टाने दखल घेताना, एफआयआर घ्यायला नाही. उलट एप्रिल २०२३ मध्ये सुप्रीम कोर्टाने सगळ्या राज्यांना सांगितलंय की द्वेषाच्या भाषणावर कुणी तक्रार केली नाही तरी पोलिसांनी स्वतः गुन्हा नोंदवायचा, टाळाटाळ केली तर कोर्टाचा अवमान. आणि २०१८ मध्ये, धुळे जिल्ह्यात राईनपाड्याला पाच भिक्षेकऱ्यांना पोरं पळवणारे समजून ठेचून मारलं त्याच महिन्यात, जमावाची मारहाण रोखायला प्रत्येक जिल्ह्यात एसपी दर्जाचा नोडल अधिकारी, म्हणजे जबाबदार पोलीस अधिकारी, नेमायचा सुप्रीम कोर्टाचाच आदेश झाला होता. आमच्यासाठी तो कोण, हे चौकीत कुणालाच सांगता आलं नाही.

कुणी म्हणेल कायदा कडक केला की साध्या माणसालाच आत टाकतील. ही भीती खोटी नाही, २०१२ मध्ये पालघरच्या दोन मुलींना, एकीने बंदवर फेसबुकला साधं मत मांडलं आणि दुसरीने ते लाइक केलं म्हणून, अटक झाली होती, त्यात लावलेलं आयटी कायद्याचं ६६अ कलम २०१५ मध्ये रद्दच झालं. म्हणूनच माझं म्हणणं आहे की कुणाचं मन दुखावलं असल्या मोघम शब्दांवर जोर देऊ नका, मारायची चिथावणी आणि मारणं यावर द्या.

आमच्या आमदार-खासदारांना एवढंच सांगणं की १०३(२) मध्ये 'धर्म' घाला आणि ती पाचाची अट काढा. चौकीतल्या अर्जाची पोच मी घेऊन ठेवलीय, पुढच्या आठवड्यात परत जाणार आहे.

आपला,
एक जुना वाचक, हडपसर, पुणे