नोकरी सोडली आहे, पण आधी सगळं वाचा

ती. आई व बाबा यांस,
शि. सा. न.

रविवारी फोनवर जे सांगायचं राहिलं, ते लिहून पाठवतेय. फोनवर बाबा मध्येच "बरं बरं" म्हणतात, आई फोन घेऊन स्वयंपाकघरात जाते आणि माझं बोलणं अर्धंच राहतं. दादाला आधी सांगितलंय. त्याच्यावर चिडू नका, "तू बोलू नकोस, मी लिहिते" असं मीच त्याला बजावलं होतं.

तर, बँकेची नोकरी मी सोडली. राजीनामा मंजूरही झाला. पहिल्या तारखेपासून इथेच प्रागमध्ये एका छोट्या ध्वनिसंग्रहात काम करतेय. जुन्या टेप आणि कॅसेटींवरचं संगीत कॉम्प्युटरवर उतरवून घ्यायचं, आवाज साफ करायचा, कुणी कधी कुठे वाजवलं याची नोंद ठेवायची, असं काम आहे. करार दोन वर्षांचा आहे. म्हणजे यंदा पुण्याला कायमचं परत यायचं ठरलं होतं, ते पुढे गेलं.

आई, लगेच डोळ्याला पदर लावू नकोस. दिवाळीला मी येतेच आहे, तिकीट काढलंय. या वेळी भाऊबीज झाली की निघणार नाही, तुळशीचं लग्न लावूनच परत येईन. पुढे गेलंय ते कायमचं येणं. रद्द झालेलं नाही.

पैशांचं आधी सांगते, म्हणजे बाबा उरलेलं पत्र शांतपणे वाचतील. पगार कमी झालाय, हे खरं. पण घर तेच आहे, भाडं परवडतं, आणि इतक्या वर्षांत साठवलेलं जसंच्या तसं आहे. इथे राहण्याचा कायमचा परवाना मिळालेला असल्यामुळे नोकरी बदलली म्हणून कुणी मला हाकलणार नाही. आरोग्य विमाही चालू आहे, इथे तो सक्तीचाच असतो. बाबांच्या गोळ्यांचे आणि शांताबाईंच्या पगाराचे पैसे दर महिन्याला येत होते तसेच येतील. एफडी मोडायचा विचारही मनात आणू नका. दादानं मदत करतो म्हटलं होतं, मी नको म्हटलं. त्याच्यामागे चिनूची शाळा आहे.

आता बाबांचा प्रश्न. "ते केस उभे करून आरडाओरडा करणाऱ्यांची गाणी सांभाळायला तू बँक सोडलीस?" फोनवर मला उत्तर सुचलं नाही. आता नीट देते.

१९६८ च्या ऑगस्टमध्ये सोव्हिएत रणगाडे या शहरात शिरले. त्यानंतर थोड्याच दिवसांत मेइला ह्लावसा नावाच्या सतरा वर्षांच्या पोरानं मित्रांना गोळा करून बँड काढला. मेइला खाटकाचं काम शिकलेला. बँडचं नाव 'प्लॅस्टिक पीपल ऑफ द युनिव्हर्स'. तेव्हा इथे वाजवायला सरकारी परवाना लागायचा. समितीपुढे परीक्षा द्यायची, गाण्यांचे शब्द आधी दाखवायचे, केस कापायचे. या पोरांनी ते केलं नाही. १९७० मध्ये परवाना गेला आणि त्याबरोबर सरकारची वाद्यंही गेली.

बाबा, पुढचं खास तुमच्यासाठी. बँडमधला योसेफ यानिचेक आधी मोटार मेकॅनिक होता. त्यानं जुन्या ट्रान्झिस्टर रेडिओंचे भाग काढून, जोडजाड करून अ‍ॅम्प्लिफायर बनवले. त्या अ‍ॅम्प्लिफायरवर ही मंडळी वाजवायची. हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा माझ्या डोळ्यांसमोर आपलं दुकान आलं. फळीवर पोट उघडून ठेवलेले मर्फी आणि फिलिप्स, सोल्डरचा वास, आणि "हात लावू नकोस, करंट आहे" असं म्हणत मला हळूच जवळ ओढून घेणारे तुम्ही.

परवाना नाही म्हणून ते खेड्यापाड्यांत, कुणाच्या तरी लग्नात वाजवायचे. खाजगी समारंभात वाजवायला कागद लागत नव्हता. ठिकाण तोंडी कळायचं. १९७४ च्या मार्चमध्ये चेस्के बुडेयोविचे या गावाजवळ असाच कार्यक्रम होता. पोलिसांनी ऐकायला आलेल्या तरुण पोरापोरींना लाठ्यांनी झोडपलं आणि परतीच्या गाडीत बसवून दिलं. पुढे १९७६ च्या फेब्रुवारीत बोयानोविचेला इव्हान यिरोउसचं लग्न झालं. हा कलेचा इतिहासकार आणि कवी, बँडच्या पाठीशी उभा राहिलेला माणूस, लोक त्याला मागोर म्हणायचे. त्या लग्नात ही सगळी मंडळी वाजवायला आली. मार्चमध्ये धरपकड सुरू झाली. सप्टेंबरच्या खटल्यात यिरोउसला दीड वर्ष, दुसऱ्या एका बँडच्या पावेल झायीचेकला एक वर्ष, आणि गाणी म्हणणारा पाद्री स्वातोप्लुक कारासेक व प्लॅस्टिक पीपलमध्ये सॅक्सोफोन वाजवणारा व्राटिस्लाव ब्राबेनेत्स या दोघांना आठ-आठ महिने. आरोप काय, तर दंगामस्ती.

१९७६, बाबा. अण्णाकाका येरवड्याला होते, तेच वर्ष. आजी डबा घेऊन कशी जायची ते तुम्ही मला किती वेळा सांगितलंय. अण्णाकाकांनी तरी भाषणं केली होती, पत्रकं वाटली होती. या पोरांनी फक्त गाणी म्हटली. सरकार पाडा असंही त्यात नव्हतं. आपल्याला हवं तसं वाजवू द्या, एवढंच त्यांचं मागणं. नाटककार व्हाक्लाव हावेल तो खटला ऐकायला कोर्टात जाऊन बसले. त्यांना आणि बऱ्याच लेखक-प्राध्यापकांना वाटलं, की आज या केसाळ पोरांना आत टाकताना आपण गप्प बसलो तर उद्या आपल्यासाठी कोण बोलणार? त्यातून १९७७ च्या जानेवारीत माणसाचे हक्क मागणारं 'चार्टर ७७' हे जाहीरपत्र निघालं. पुढे तेच हावेल या देशाचे राष्ट्राध्यक्ष झाले. आता तुम्हीच सांगा, हा नुसता आरडाओरडा होता का?

आई, तुझ्यासाठी दुसरी गोष्ट आहे. मागोर वेगवेगळ्या शिक्षा मिळून साडेआठ वर्षं तुरुंगात होता. घरी दोन लहान मुली. तुरुंगातून त्यानं त्यांच्यासाठी बालकविता लिहिल्या, त्यांचं पुढे पुस्तक झालं. माझ्या चेक भाषेला त्या जेमतेम झेपतात. तरी मी त्या मोठ्यानं वाचते, तू मला गॅसजवळ पाटावर बसवून 'लेझीम चाले जोरात' म्हणायला लावायचीस तशीच.

आणि एक फिलिप टोपोल. याचे वडील योसेफ टोपोल मोठे नाटककार, चार्टरवर सही केलेले. घरावर पोलिसांचा आधीच डोळा. १९७८ मध्ये हावेल यांच्या ह्राडेचेकच्या शेतघरात प्लॅस्टिक पीपलचा कार्यक्रम होता. त्याआधी तेरा-एक वर्षांचा फिलिप पियानोवर बसून गायला. पुढच्या वर्षी त्यानं 'प्सी व्होयात्सी' हा बँड काढला. पंक, म्हणजे तो झटपट, खडबडीत रॉक, म्हटलं की लोकांना गिटार आठवते, हा पियानो बडवायचा, आणि आवाज असा की ऐकणाऱ्याच्या अंगावर काटा यावा. त्याच्या आईचा विचार माझ्या मनात सारखा येतो. नवऱ्याची नाटकं बंद, आणि एवढासा मुलगा असल्या मैफलीत गातोय. ती रात्री कशी झोपत असेल?

पुढचं थोडक्यात सांगते. ऐंशीच्या दशकात खरं पंक आलं. तेप्लित्से या कारखान्यांच्या आणि कोळशाच्या भागातली पोरं, प्रागच्या तांत्रिक विद्यापीठातली मुलं. या दुसऱ्यांचा 'विसात्सी झामेक' हा बँड १९८२ चा. १९८३ मध्ये सत्तेवरच्या कम्युनिस्ट पक्षाच्या 'ट्रिबुना' साप्ताहिकात या संगीतावर टीका करणारा एक लेख आला आणि पाठोपाठ कितीतरी बँडवर बंदी आली. १९८९ ला ती राजवट गेली. मेइला १९९८ मध्ये अमेरिकेच्या व्हाइट हाउसमध्ये तिथला रॉक गायक लू रीड याच्याबरोबर वाजवून आला. २००१ च्या जानेवारीत कॅन्सरनं गेला, पन्नाशीही गाठली नाही. फिलिप २०१३ मध्ये गेला, अठ्ठेचाळिसाव्या वर्षी.

माणसं गेली. टेप उरल्यात, आणि त्याही चालल्यात, म्हणून मला घाई होती. त्या काळात यांच्या रेकॉर्ड इथे निघूच शकत नव्हत्या. प्लॅस्टिक पीपलचं हौस्काच्या गढीत ध्वनिमुद्रित केलेलं संगीत १९७८ मध्ये फ्रान्समध्ये छापलं गेलं. बाकी सगळं घरोघरी, या टेपवरून त्या टेपवर. प्रत्येक कॉपीत खरखर वाढलेली. पुष्कळदा मूळ टेप नाहीच, तिसरी-चौथी कॉपी तेवढी कुणाच्या तरी माळ्यावर सापडते.

परवाचीच कॅसेट सांगते. लेबल कोरं. उघडून पाहिली तर टेपला हेडवर, म्हणजे आवाज वाचणाऱ्या भागावर, दाबून धरणारा नमद्याचा बारका तुकडा गळून पडलेला, डिंक वाळून पिवळा पडलेला. पाच स्क्रू काढले, दोन्ही चकत्या टेपसकट उचलून नव्या डबीत बसवल्या. श्वाससुद्धा जपून घेत होते. वाजवली तर सगळं गढूळ, कुणी उशीखालून गातंय असं वाटावं. मग हेडचा कोन बदलणारा, त्याच्या शेजारचा तो छोटा स्क्रू, बाबा, तुमचाच स्क्रू. इयरफोन लावून केसभर इकडे, केसभर तिकडे. अचानक झांज स्वच्छ झाली, शब्द कळायला लागले, आणि गाणं संपल्यावर मागे कुणीतरी खोकलं, एक बाई हसली. माझा इथला वरिष्ठ विचारत होता, हे कुठे शिकलीस? मी सांगितलं, सांगलीला, माझ्या वडिलांच्या दुकानात.

बँकेत असताना हे मला कुणी कधी विचारलं नाही.

२०१९ च्या पुराचं मी काही लिहीत नाही. आजोबांच्या कीर्तनाच्या कॅसेटी गच्चीवर वाळत घातल्या होत्यात आणि तुम्ही त्यांच्याकडे न बघता खाली गेलात, तेवढं मला आठवतं. बाकी तुम्हाला कळेल.

आता काळजीचं. मी चांगली आहे. खोली ऊबदार आहे, ट्राम दारात थांबते, रात्री उशीर झाला तरी भीती नाही. इथल्या व्हिएतनामी बाजारात तांदूळ, कोथिंबीर, आलं, मिरच्या सगळं मिळतं. काल वरणभात केला, वर तूप. थंडीत पायांत लोकरीचे मोजे घालते, आई, तू विणलेलेच. आणि इथले लोक म्हणजे साठी-सत्तरीचे आजी-आजोबा झालेले जुने पंक आहेत, मला सूप आणून देतात. तू त्यांना पाहिलंस तर जेवायला थांबवशील.

माझ्या येण्यावर तुम्ही दोघं दिवस मोजत होतात, हे मला माहीत आहे. वहिनीनं सांगितलं की तू वरची खोली रंगवून घेतलीस. ती खोली तशीच राहू दे. चिनूला तिथे अभ्यासाला बसू दे, पण माझं कपाट त्याला उघडू देऊ नकोस.

आता ऐका, आणि हे मनावर घ्या. बाबा, सकाळची रक्तदाबाची गोळी चहाआधी, पेपर वाचून झाल्यावर नाही. मागच्या वेळी डॉक्टरांसमोर तुम्ही "सगळं नियमित आहे" म्हणालात, तेव्हा आईचा चेहरा मी पाहिला होता. फिरायला घाटावर एकटं जायचं नाही, देशपांडेकाकांना घेऊन जा. जुनी हत्यारं काढायला शिडीवर चढायचं नाही. मला तुमचा तो पितळी टोकाचा स्क्रूड्रायव्हर हवाय, पण तो दादा काढेल, तुम्ही खाली उभं राहून सांगा. आई, गुडघ्याचा पट्टा कपाटात ठेवायला आणलेला नाही. संकष्टीला दिवसभर काही न खाता राहायचं नाही, डॉक्टरांनी सांगितलंय आणि गणपतीही रागावणार नाही. कपडे वाळत घालायला गच्चीवर शांताबाईंना पाठव. आत्याला माझ्या नोकरीचं मी स्वतः सांगेन, तिनं विचारलं तर "मनीषा फोन करेल" एवढंच म्हण.

बाबा, आणखी एक काम. पुरातून वाचलेली ती सात-आठ कॅसेटींची पिशवी देवघराखालच्या कपाटात आहे. ती वाजवून बघू नका. प्लेअरमध्ये घालूच नका, चिखल असेल तर टेप तुटेल. कोरड्या सुती फडक्यात गुंडाळून ठेवा, दिवाळीला मी घेऊन जाईन. आजोबांचा आवाज निघेल की नाही, आत्ता सांगता येत नाही, पण प्रयत्न मी करणार.

रविवारी इथल्या दुपारी फोन करेन, तुमची तेव्हा संध्याकाळ असेल. आईच्या साखरेचा नवा रिपोर्ट तोवर आणून ठेवा आणि आकडे वाचून दाखवा. "ठीक आहे" चालणार नाही.

तुमची,
मनू