ज्वारी गेली, आडोसा गेला

महोदय,

शिवारातील 'असभ्य चाळ्यां'विषयीचे पत्र आपल्या सदरात वाचले. आमच्या गावी सोयाबीन निघून मोकळ्या झालेल्या वावरात, धुऱ्यावर, म्हणजे बांधावर, बसलेल्या एका जोडप्याने घेतलेले चुंबन कोणीतरी लपून मोबाईलवर टिपले आणि गावभर फिरवले. पत्रलेखकाने सारा दोष त्या दोघांना दिला. टिपणाऱ्याला मात्र एका शब्दाने विचारले नाही. त्या दोघांचे साक्षगंध, म्हणजे साखरपुडा, झालेले आहे. नसते झाले तरी माझे म्हणणे हेच राहिले असते.

मी १९७४ साली लग्न होऊन सासरी आले तेव्हा घरात माणसे अकरा आणि खोल्या दोन होत्या. नवऱ्याशी चारचौघांत बोलायचीही चोरी. ज्वारीत दाणा भरू लागला की आमचे यजमान पाखरे हाकलायला गोफण घेऊन माळ्यावर असत, आणि त्यांची शिदोरी पोचवण्याचे काम मी एकदाही नणंदेकडे जाऊ दिले नाही. डोक्यावरून जाणाऱ्या ज्वारीच्या त्या ताटांच्या दाटीत आम्ही दोघे असताना गोफण थांबलेली असे, आणि पाखरांनी चार कणसे जास्त खाल्लेली सासूबाईंच्या लक्षात आली असतील, तरी त्या माउलीने कधी बोलून दाखवले नाही.

पुढे संकरित वाणांनी ताटे बुटकी केली आणि नव्वदच्या दशकात सोयाबीनने ज्वारीची जागाच घेतली. शंभरेक दिवसांत निघणारे, जेमतेम मांडीएवढे हे पीक. जनावरांचा कडबा गेला याची चर्चा पुष्कळ झाली. माणसांचा आडोसा गेला याची कोणी केली नाही. उरली ती कपाशीतली तूर, आणि तिच्या एका ओळीआड कोण लपणार?

खासगीपणा हा मूलभूत हक्क असल्याचे सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायमूर्तींनी २०१७ साली एकमताने सांगितले आहे. तो ज्याच्या घराला स्वतंत्र खोली आहे त्याच्यापुरताच नसावा, असे मला वाटते.

आमच्या वावरात परवा सीतादही, म्हणजे कापूस वेचणीच्या सुरुवातीची पूजा, झाली. त्या जोडप्यातली, दरवर्षी वेचणीला येणारी मुलगी आली नाही. चित्रण करणारा मात्र पानठेल्यावर रोज दिसतो. त्याच्याविषयीही आपण दोन ओळी छापाव्यात, ही विनंती.

येत्या खरिपात धुऱ्यालगत गावरान ज्वारीची चार तासे, म्हणजे ओळी, पेरायचे आम्ही ठरवले आहे. कोणी विचारलेच, तर पाखरांसाठी म्हणून सांगू.

आपली,
एक शेतकरी महिला,
दारव्हा तालुका, जि. यवतमाळ