मार्चअखेरची ग्रंथखरेदी

संपादक महोदय,

निधी परत जाऊ नये म्हणून मार्चअखेरीस घाईघाईने पुस्तके घेण्याची रीत महाविद्यालयीन ग्रंथालयांच्या अंगवळणी पडली आहे. बडोद्यातील एका महाविद्यालयात तशा खरेदीचे गठ्ठे जूनमध्येही सुतळीसकट पडलेले मी पाहिले. दाखल नोंद, वर्गीकरण आणि शिक्के मारायला माणूसच नाही, असे उत्तर मिळाले. विक्रेत्याने सवलत वाढवली की एकाच पाठ्यपुस्तकाच्या ढीगभर प्रती येतात, प्राध्यापकांनी सुचवलेला संदर्भग्रंथ मात्र यादीतच राहतो. (सयाजीराव महाराजांनी १९१० मध्ये अमेरिकेहून ग्रंथपाल विल्यम बॉर्डन यांना बोलावून ग्रंथालयांची घडी बसवली, ती याच शहरात!)

केंद्र सरकारच्या ‘वन नेशन, वन सबस्क्रिप्शन’ योजनेमुळे २०२५ पासून शासकीय उच्च शिक्षण संस्थांना सुमारे १३,००० संशोधन-नियतकालिके ऑनलाइन उपलब्ध झाली आहेत. ज्यांचा वर्गणीचा भार त्यामुळे हलका झाला, त्यांनी तरी तो पैसा मराठी-गुजराती ग्रंथांकडे आणि प्रशिक्षित कर्मचाऱ्यांकडे वळवावा. ग्रंथालय समितीनेही केवळ सह्यांपुरते न जमता, दर तिमाहीस देवघेवीची नोंद व विद्यार्थ्यांची मागणी समोर ठेवूनच खरेदी मंजूर करावी.

– एक वाचक, बडोदे