अपुऱ्या पुराव्यावर हात वर करताना

प्रिय बाळ,
अनेक आशीर्वाद.

महापालिकेची निवडणूक लढवायचं जवळजवळ ठरलंय, हे तुझ्या पत्रातून कळलं. सोबत तू एक भीतीही लिहिली आहेस. प्रयोगशाळेत पुरावा पुरा झाल्याशिवाय तू एक वाक्य लिहीत नाहीस आणि सभागृहात मात्र ठराव आला की त्याच बैठकीत हात वर करावा लागतो. ही भीती मला रास्त वाटते. ज्याला ती वाटत नाही असा वैज्ञानिक नगरसेवक झाला, तर शहराने सावध राहावं. पण तिच्यापायी मागे फिरू नकोस.

पॅथॉलॉजी शिकवताना रुडॉल्फ व्हर्चो या जर्मन डॉक्टरचं नाव मी कितीदा घेतलं असेल! प्रत्येक पेशी आधीच्या पेशीपासूनच जन्मते, आजार शोधायचा तो पेशीत, हे त्याने 1858च्या पुस्तकात मांडलं. विद्यार्थी तेवढं पाठ करतात. पुढच्याच वर्षी तो बर्लिनच्या नगरसभेवर निवडून गेला आणि 1902 साली मरेपर्यंत तिथे राहिला, हे त्यांना कुणी सांगत नाही. त्रेचाळीस वर्षं, तीही बिनपगारी. प्राध्यापकी, शवविच्छेदनं, स्वतःच्या नियतकालिकाचं संपादन, सगळं सुरूच होतं. तो प्रशिया या जर्मन राज्याच्या विधिमंडळात आणि पुढे राइशटागमध्ये, म्हणजे जर्मन संसदेतही बसला. प्रशियाच्या पंतप्रधानाने, बिस्मार्कने, 1865 मध्ये त्याला द्वंद्वाचं आव्हान दिलं आणि याने ते नाकारलं, ही गोष्ट लोक रंगवून सांगतात. मला त्यापेक्षा त्याची गटारं मोठी वाटतात.

1860च्या दशकात बर्लिनचा मैला घरामागच्या खड्ड्यांत साठायचा आणि सांडपाणी रस्त्याकडेच्या उघड्या गटारांतून वाहायचं. वस्ती तर झपाट्याने वाढत होती. मैला गाड्यांनी उपसून न्यायचा की जमिनीखालून नळ टाकून वाहून न्यायचा, यावर वर्षानुवर्षं वाद चालला. सगळं पाणी शहराच्या खालच्या अंगाला श्प्रे नदीत सोडावं, असाही एक आराखडा होता. नगरसभेने चौकशीसाठी समिती नेमली आणि तिची धुरा व्हर्चोने वाहिली. भूजलाची पातळी मोजली, मृत्यूंच्या नोंदी तपासल्या, जाडजूड अहवाल छापले. अखेर जेम्स होब्रेख्ट या अभियंत्याची योजना पुढे आली. शहराचे बारा विभाग, प्रत्येकाला स्वतंत्र पंपिंग स्टेशन आणि मैलापाणी शहराबाहेरच्या शेतजमिनींवर. 1873 मध्ये बांधकामाचा निर्णय झाला.

आता या सनाकडे नीट बघ. विषमज्वराचा जिवाणू दिसला 1880 मध्ये. रॉबर्ट कॉख हा जर्मन वैज्ञानिक कॉलऱ्याच्या जिवाणूपर्यंत पोचला त्याहीनंतर, 1883-84 मध्ये. म्हणजे एवढ्या मोठ्या खर्चाला होकार देताना हे आजार नेमके कशाने होतात, हे त्या सभागृहात कुणालाही ठाऊक नव्हतं. व्हर्चोलाही नाही. उलट पुढे जिवाणूंचा शोध लागल्यावरही त्यांनाच आजाराचं पूर्ण कारण मानायला तो बराच काळ कचरत राहिला. कारणाबद्दल तो कमी पडला, तरी गटारांबद्दल बरोबर ठरला. घाण माणसांच्या वस्तीतून दूर न्यायला हवी, इतकं सांगण्यापुरता पुरावा हाती होता आणि त्या निर्णयासाठी तेवढा पुरे होता. शोधनिबंधाला लागणारा पुरावा वेगळा, ठरावाला लागणारा वेगळा. थांबल्याने काय बिघडेल, हा प्रश्न शोधनिबंधात क्वचितच येतो. सभागृहात तो पहिला विचारायचा. खड्डे तसेच ठेवणं हाही निर्णयच होता आणि त्याची किंमत लोक मोजत होते.

म्हणून हात वर करशील तेव्हा काय माहीत आहे आणि काय नाही, हे भाषणात जसंच्या तसं सांग. टाळ्या कमी पडतील, पडू देत. आणि जमेल तिथे ठरावातच मोजणीची तरतूद घालून घे, म्हणजे चूक झालीच तर दोन वर्षांत ती कागदावर दिसेल. हे काम सभागृहात तुझ्याइतकं चांगलं दुसरं कोण करणार?

विरोध मात्र पुराव्याने विरघळेल असं धरून चालू नकोस. त्या काळी प्रशियाच्या शहरांत मताचं वजन भरलेल्या करावरून ठरायचं आणि निम्मे नगरसेवक घरमालक असावेत असा नियमच होता. आपापल्या घराची जोडणी करून घ्यायचा खर्चही घरमालकांवरच येणार होता. त्यांच्यासमोर अहवाल ठेवून भागलं नसणार. बैठकांमागून बैठका कराव्या लागल्या असणार. डुकराच्या मांसातल्या ट्रिकिना अळीचंही तेच. सूक्ष्मदर्शकाखाली मांस तपासल्याशिवाय ते विकू नये, असा आग्रह त्याने धरला तेव्हा खाटीक चिडले. 1865 मध्ये हेडर्सलेबेन गावात त्या अळीने शंभरावर माणसं दगावली, तरी वाद लगेच मिटला नाही.

आणखी एक. पदवीचा दरारा फक्त तुझ्या विषयापुरता वापर. रस्त्याच्या कंत्राटावर बोलताना तू इतर नगरसेवकांसारखीच एक आहेस. तिथे आधी कनिष्ठ अभियंत्याला विचार, सफाई कामगाराला विचार. मैल्याच्या वाटा त्याला नकाशापेक्षा जास्त कळतात.

संशोधन पूर्ण सोडायचं तू मनात आणलं आहेस, ते मला पटत नाही. व्हर्चोने सोडलं नाही, आणि मला वाटतं सभागृहात त्याचं ऐकलं गेलं त्याचं तेही एक कारण होतं. आठवड्यातला एखादा दिवस तरी प्रयोगशाळेसाठी राखून ठेव. तुझ्याकडे पीएच.डी. करणाऱ्या दोन मुलींचं मार्गदर्शन कोण करणार, हे अर्ज भरण्याआधी ठरव आणि त्यांना स्वतः सांग. त्यांना ते बाहेरून कळता कामा नये. काय ठरतंय ते मला कळव.

तुझी,
आई