रिकाम्या चर्चवर खूश होण्याआधी

मा. संपादक,
स.न.वि.वि.

रविवारच्या पुरवणीत अमेरिकेतल्या धर्माविषयीचा लेख वाचला. कालच लिहायला बसले होते, पण डोकं तापलेलं होतं म्हणून कागद बाजूला ठेवला. आज जरा निवलं आहे. तरी लिहायचं ते लिहितेच.

लेखकमहाशयांचं म्हणणं असं, की अमेरिकन जनगणनेनुसार तिथले 29 टक्के लोक नास्तिक झाले, चर्च ओस पडली, आणि ज्यांनी आपल्याला धर्म शिकवायला माणसं पाठवली त्यांच्यावरच आता ही पाळी आली. शेवटच्या परिच्छेदात आपणच आपली पाठ थोपटून घेतली आहे, ती तर वाचवत नाही.

आधी ते 'जनगणनेनुसार'. अमेरिकेची जनगणना धर्म विचारतच नाही. 1957 साली त्यांच्या जनगणना खात्याने एका नमुना पाहणीत हा प्रश्न घालून पाहिला, त्यावर बरीच कुरबुर झाली. पुढे 1976 च्या कायद्याने धर्माची माहिती देण्याची सक्ती कोणावरही करता येणार नाही असं ठरवूनच टाकलं. लेखातले आकडे आहेत प्यू रिसर्च सेंटर या खासगी संस्थेचे. 2023-24 मध्ये जवळजवळ 37 हजार प्रौढांना विचारून त्यांनी ते काढले. शिरगणती वेगळी आणि नमुना पाहणी वेगळी, हे मी हयातभर आठवीच्या पोरांना शिकवत आले. आता पुरवणीच्या संपादकांनाही शिकवायचं असेल तर घरी मोकळीच आहे.

आता ते 29. त्यात स्वतःला नास्तिक म्हणवणारे 5 टक्के. देव आहे की नाही ते सांगता येत नाही म्हणणारे अज्ञेयवादी 6 टक्के. उरलेल्या 19 टक्क्यांचं म्हणणं एवढंच, की आम्ही अमुक एका धर्माचे असं काही नाही. (5, 6 आणि 19 मिळून 30 होतात हे मलाही दिसतं. टक्के पूर्णांकात केले की असं होतं. त्यावर कोणी वेगळं पत्र पाठवू नये.) त्याच पाहणीत 83 टक्के लोक देव किंवा विश्व व्यापून राहिलेली शक्ती मानतात, 86 टक्के म्हणतात माणसाला आत्मा असतो, आणि 44 टक्के रोज प्रार्थना करतात. 29 टक्के नास्तिक, तर 83 टक्के देव मानणारे आले कुठून? एवढा ताळा तरी करून पाहायचा!

घसरण झालीच नाही असं मी म्हणत नाही. 2007 मध्ये 78 टक्के अमेरिकन स्वतःला ख्रिस्ती म्हणवत होते, आता 62 टक्के म्हणवतात. अगदी म्हाताऱ्यांत हे प्रमाण 80 टक्के आहे, तर 18 ते 24 वयाच्या मुलांत 46. जनमत चाचण्या घेणारे गॅलपवाले तर 1937 पासून लोकांना विचारताहेत, की तुम्ही एखाद्या चर्चचे, ज्यूंच्या सिनेगॉगचे, मशिदीचे सभासद आहात का. तो आकडा 2020 मध्ये 47 टक्क्यांवर आला, पहिल्यांदाच निम्म्याच्या खाली. पण ख्रिस्ती म्हणवणाऱ्यांचं प्रमाण 2019 पासून 60 ते 64 च्या मध्येच घुटमळतं आहे, हेही प्यूनेच लिहिलेलं आहे. लेखातलं 'दिवसेंदिवस वेगाने' हे लेखकांच्या पदरचं.

त्यात तिकडचं सभासदत्व म्हणजे खरोखरीचं सभासदत्व. नोंदवहीत नाव, वर्षाला किती देणार ते आधी लिहून द्यायचं, कुठल्या तरी कमिटीवर राबायचं. हे सोडायचं ठरवलं तर सोडता येतं आणि सोडलेलं मोजताही येतं. आपल्याकडे ढोल्या गणपतीचा सभासद कोण? 2001 च्या जनगणनेत मी प्रगणक होते. एका वाड्यातले गृहस्थ म्हणाले, धर्माच्या रकान्यात 'काही नाही' लिहा. मी लिहिलं. पर्यवेक्षकांनी रकाना पाहिला, आडनाव पाहिलं, आणि "बाई, असं कसं?" म्हणून माझ्याच हातून ते बदलून घेतलं. सांगतील ते लिहायचं हा नियम मला पाठ होता, त्यांनाही होता. 2011 मध्ये देशभरात ज्यांच्या धर्माची नोंदच नाही असे 0.24 टक्के निघाले. हे तरी पर्यवेक्षकांच्या नजरेतून कसे सुटले, कोण जाणे. आणि आपण अमेरिकेच्या 29 ला हसतो.

आता रिकाम्या चर्चविषयी, कारण माझा खरा राग तिथे आहे.

माझी लेक आणि जावई ओहायोत, क्लीव्हलंडजवळच्या एका उपनगरात राहतात. हा भाग कनेक्टिकटहून आलेल्या लोकांनी वसवलेला, त्यामुळे गावोगाव मध्यवर्ती चौकात काँग्रिगेशनल या प्रॉटेस्टंट परंपरेचं पांढऱ्या मनोऱ्याचं चर्च दिसतं. तशाच एका चर्चच्या तळघरात तिथल्या मराठी मंडळाचा गणपती बसायचा. रविवारी दुपारी मराठी शाळाही तिथेच. लेखकांना कल्पना नसेल, पण परदेशातल्या मराठी माणसाचे किती गणपती, किती संक्रांती आणि किती एकांकिका चर्चच्या हॉलमध्ये पार पडल्या त्याला गणती नाही. भाडं परवडतं, स्वयंपाकघर मोठं असतं, घडीची टेबलं आयती मिळतात.

प्रार्थनेच्या दालनात भिंतीवर एक लाकडी फळा होता, आकड्यांच्या पाट्या सरकवायचा. आजची उपस्थिती, गेल्या रविवारची उपस्थिती, आजचं दान. मी गणिताची, माझं लक्ष तिकडेच जायचं. आज 23, गेल्या रविवारी 26. बाकं तीनशे माणसांची. आणि खाली तळघरात आमची आरतीला उभं राहायला जागा नाही! त्या चर्चच्या विश्वस्तांपैकी एक ऐंशीच्या पुढच्या बाई किल्ल्या घेऊन यायच्या आणि कार्यक्रम संपेपर्यंत मागच्या खुर्चीवर विणत बसायच्या. फ्रीजवर त्यांच्या हातची सूचना चिकटवलेली असायची: टेबलं ओली ठेवू नयेत, कॉफीचं मोठं भांडं घासून पालथं घालावं. कापराला त्यांनी कधी हरकत घेतली नाही. आरतीच्या आधी स्वतः उठून आगीची घंटा बंद करायच्या आणि पाच मिनिटांनी पुन्हा चालू करायच्या.

त्यांना दोन मुलगे. थोरला गावाबाहेरच्या मोठ्या चर्चमध्ये जाऊ लागला. कुठल्या पंथाचं नाव नाही, स्टेजवर गिटार-ड्रम्स, आणि पार्किंग आपल्या मंडईएवढं. धाकटा कुठेच जात नाही. "पण जेवणाआधी डोळे मिटतो, मी पाहिलंय," असं त्या म्हणायच्या. हा धाकटा तुमच्या 29 टक्क्यांतला, आणि तुमच्या लेखकांच्या हिशेबी नास्तिक.

मी त्यांना एकदा सांगितलं, की तुमच्याच परंपरेच्या लोकांचं अमेरिकन मराठी मिशन 1813 मध्ये मुंबईला आलं, नगरला आणि आमच्या साताऱ्यालाही आलं, वाईला त्यांचा दवाखाना होता आणि माझ्या धाकट्या भावाचा जन्म तिथलाच. आजी म्हणे बाहेरच्या बाकावर माळ ओढत बसली होती आणि आत गोरी नर्स प्रार्थना करत होती. दोघींच्या देवांनी मिळून काय ते पार पाडलं. बाईंना यातलं काहीच ठाऊक नव्हतं. म्हणाल्या, आमच्याकडे हे सांगणारं कोणी उरलं नाही. मिशनऱ्यांचा हेतू धर्मांतराचा होता, तो त्यांनी लपवलाही नाही. त्यावर वाद घालायचा तर खुशाल घाला. पण ख्रिस्ती झालेले कवी नारायण वामन टिळक ज्या नगरात, ज्या मिशनमध्ये काम करत होते, ते मिशन चालवणाऱ्या चर्चची आजची अवस्था ही काही टाळ्या वाजवायची गोष्ट नाही. 1957 मध्ये युनायटेड चर्च ऑफ ख्राइस्ट या नावाने त्यांचं एकत्रीकरण झालं तेव्हा सभासद वीस लाखांच्या घरात होते. आज ते आठ लाखही नाहीत.

पुढे व्हायचं तेच झालं. काँग्रिगेशनल म्हणजे सगळा कारभार मतदानाने, त्यामुळे चर्च बंद करायचं हेही त्या पंचवीस-तीस म्हाताऱ्यांनी हात वर करूनच ठरवलं. छताची दुरुस्ती आणि हिवाळ्यातलं हीटिंग त्यांना झेपेना. आपल्या बाप्पांचं भाडं त्या हीटिंगच्या बिलातच जात होतं, पण ते पुरणार किती? इमारत विकली गेली. मराठी शाळा आता एका शाळेच्या जिममध्ये भरते. तिथे भाडं दुपटीहून जास्त, वर विम्याचे कागद, आणि पाचाच्या ठोक्याला पहारेकरी दिवे घालवतो.

आणि मंडळाने काय केलं? त्या वर्षीची स्मरणिका लेकीने मला पाठवली, गुळगुळीत कागदावर छापलेली. त्यात घरं विकणाऱ्या एजंटाचे आभार, दंतवैद्याचे आभार, मोदक पुरवणाऱ्या केटररचे आभार, ढोलपथकाचे पानभर फोटो. इतकी वर्षं ज्यांनी जागा दिली त्या चर्चचा एका ओळीतही उल्लेख नाही. मी कार्याध्यक्षांना फोनवर विचारलं तर म्हणाले, "काकू, आपण भाडं देत होतो की." बरोबर आहे. एजंटानेही जाहिरातीचे पैसे दिलेच होते, त्याचे मात्र आभार मानले! तुमचा लेख वाचताना मला हेच गृहस्थ आठवत होते. भाषा अगदी तीच.

लेखात 'आपल्या' लोकांचं कौतुकही आहे: हिंदू घरात वाढलेल्यांपैकी 82 टक्के तिथे हिंदूच राहतात. आकडा बरोबर आहे, पण तिथले हिंदू सगळे मिळून एक टक्का, आणि त्यातले बहुतेक इथे मोठे होऊन मग विमानात बसलेले. सातारा-सोलापुरात मुरलेला धर्म न्यू जर्सीत जाऊन विरला नाही, यात न्यू जर्सीची कर्तबगारी ती काय? तिथे जन्मलेली आमची नातवंडं पन्नाशीला येतील तेव्हा मोजा. माझा नातू अथर्वशीर्ष घडाघडा म्हणतो आणि शाळेतल्या मित्राबरोबर त्याच्या चर्चच्या बास्केटबॉल संघातही खेळतो. उद्या प्यूवाल्यांनी त्याला गाठलं तर तो कुठल्या रकान्यात खूण करेल, हे त्याच्या आईलाही सांगता येणार नाही.

लेखक अभ्यासू असतील, नाही असं नाही. त्यांचे सहकारातल्या निवडणुकांवरचे लेख मी कात्रणं काढून ठेवले आहेत. पण 'जनगणनेनुसार' आणि '29 टक्के नास्तिक' या दोन गोष्टींची दुरुस्ती आपण छापावी, आणि पुरवणीत जिथे लेख होता तिथेच छापावी. शेवटच्या पानावर निविदा-सूचनांच्या खाली नको.

हे पत्र मोठं झालं आहे याची जाणीव आहे. मागच्या वेळी पाणीपट्टीवरच्या माझ्या पत्रातून आपण नेमका आकडेवारीचा परिच्छेद काढलात आणि 'आपल्या वृत्तपत्राची मी नियमित वाचक आहे' हे वाक्य मात्र ठेवलंत. या वेळी ते वाक्य मी लिहिलेलंच नाही.

कळावे,
आपली,
एक निवृत्त शिक्षिका, सातारा

ता.क. लेखाच्या शेजारच्याच पानावर राशिभविष्य होतं. मीन राशीचं भविष्य गेल्या रविवारी होतं तेच, शब्दाचाही फरक नाही. प्यूच्याच दुसऱ्या एका पाहणीप्रमाणे साधारण 30 टक्के अमेरिकन वर्षातून एकदा तरी राशिभविष्य, टॅरो किंवा भविष्यवेत्ते यांच्याकडे वळतात. त्यांना निदान दर आठवड्याला नवीन काही तरी मिळत असावं. आमच्या घरी मीन राशीचे यजमान आहेत. सलग दोन आठवडे त्यांना 'अनपेक्षित धनलाभ' आहे, आणि गॅसचं अनुदानसुद्धा अजून जमा झालेलं नाही.