पुढच्या महामेळाव्याला आठच नायक पुरेत

मा. संपादक,
स. न. वि. वि.

मार्व्हल या अमेरिकी कंपनीच्या सुपरहिरोंना एकत्र आणणारा पुढचा मोठा सिनेमा ‘अव्हेंजर्स: डूम्सडे’ १८ डिसेंबर २०२६ ला आणि त्याच्यामागून ‘सीक्रेट वॉर्स’ १७ डिसेंबर २०२७ ला, अशा तारखा जाहीर झालेल्या आहेत. पहिल्याचे चित्रीकरण २०२५ मध्ये इंग्लंडात झाले, तेव्हा त्याला आता सल्ला देऊन काही हशील नाही. दुसऱ्याबद्दल मात्र बोलायला हवे. इंदुरात हे सिनेमे हिंदीत आणि इंग्रजीत दोन्ही लागतात, मराठी घरांतली मुले आईबापांना ओढून नेतात, आणि अलीकडे त्या आईबापांना पडद्यावर कोण कुणाचे काय लागते हेच कळेनासे झाले आहे. दोष आईबापांचा नाही. माणसे फार झाली आहेत.

साधा हिशोब मांडून पाहा. मार्च २०२५ मध्ये कंपनीने पहिल्या सिनेमाच्या कलाकारांची नावे पाठीवर लिहिलेल्या खुर्च्या एकेक करून दाखवल्या. पाच तासांहून जास्त वेळ ते चालले आणि नावे निघाली २७. सिनेमा अडीच तासांचा धरला, तर १५० मिनिटांतली शेवटच्या नामावलीची दहा गेली. अखेरच्या लढाईची तीस गेली. खलनायकाला वीस मिनिटे तरी द्यावीच लागतात, आणि हे सगळे कशासाठी चालले आहे ते समजावून सांगायला दहा. उरली ८०. ती २७ जणांत वाटली तर एकेकाच्या वाट्याला तीन मिनिटे येतात. तीन मिनिटांत माणूस येतो, एक विनोद करतो, एक ठोसा मारतो आणि संपतो. २०१२ चा पहिला ‘अव्हेंजर्स’ १४३ मिनिटांचा होता आणि नायक सहा होते. त्यामुळे हल्क होणारा ब्रूस बॅनर आणि आयर्न मॅन होणारा टोनी स्टार्क प्रयोगशाळेत नुसते बोलत उभे राहिले तरी लोक कान देऊन ऐकत होते. आमच्या सराफ्यात, म्हणजे रात्रीच्या खाऊबाजारात, एका रात्रीत भुट्ट्याचा कीस, गराडू, खोपरा पॅटिस, जलेबा असे सगळेच पोटात ढकलले तर कशाचीच चव जिभेवर राहत नाही, हे इंदूरकराला सांगायला नको.

आमची पहिली मागणी हीच. मुख्य नायक आठ ठेवा, म्हणजे प्रत्येकी दहा मिनिटे येतात. बाकीचे त्यांच्याच प्रसंगांत सोबतीला राहू देत.

दुसरी गोष्ट गृहपाठाची. २०२३ च्या ‘द मार्व्हल्स’मधली कल्पना चांगली होती. तिघींनी एकाच वेळी शक्ती वापरली की त्यांची जागांची अदलाबदल होते, हे लहान मुलालाही पहिल्या झटापटीत कळते. पण त्या तिघी कोण हे नीट कळायला आधी २०१९ चा एक सिनेमा आणि दोन वेबमालिकांचे नऊ अधिक सहा असे पंधरा भाग पाहिलेले असावे लागत. जे पंधरा भाग पाहून आले नव्हते, त्यांना अदलाबदल समजली, माणसे नाही समजली.

आपल्याकडे याचे उत्तर शंभर वर्षांपूर्वी देऊन झाले आहे. ८ जुलै १९२१ ला मुंबईत टिळक स्वराज्य फंडासाठी ‘संयुक्त मानापमान’ झाले. दोन प्रतिस्पर्धी नाटक मंडळ्यांचे दोन प्रमुख गायक नट एका रंगमंचावर आले, बालगंधर्व भामिनीच्या आणि केशवराव भोसले धैर्यधराच्या भूमिकेत. त्या रात्रीसाठी नवे नाटक लिहिले नव्हते. ‘मानापमान’ १९११ पासून रंगभूमीवर होते, भामिनी कोण, धैर्यधर कोण, तिला त्याचा राग का, हे प्रेक्षकांना ठाऊक होते. म्हणून सगळे लक्ष त्या दोघांच्या एकत्र येण्याकडे राहिले. हे दोघे एकाच नाटकात पुरले, कारण दोघांना वेगवेगळी कामे होती. एकाने दुसऱ्याची पदे गाण्याचा प्रश्नच नव्हता. सिनेमात हे विसरले जाते. पाच जण उडणारे आणि पाच जण हातातून किरण सोडणारे आणले, तर त्यांतले चार घरी बसले तरी कथेचे काही अडत नाही.

आता कथेकडे. थॅनॉस या खलनायकाच्या दोन भागांत प्रेक्षक कधी हरवला नाही, कारण त्याला मोजायला काहीतरी दिले होते. थॅनॉसला हवे असलेले सहा मणी. किती मिळाले, किती राहिले, हे हॉलमध्ये बसलेला कुणीही सांगू शकत होता. २०१८ च्या सिनेमात वीसहून अधिक नायक होते आणि तरीही गोंधळ झाला नाही, कारण त्यांच्या तुकड्या पाडून प्रत्येकीला एकच काम दिले होते: कुणी टायटन ग्रहावर थॅनॉसला अडवायचे, कुणी वाकांडा देशात मणी वाचवायचा, थॉरने नवे शस्त्र घडवून आणायचे. अनेक विश्वांच्या नव्या कथेत असे मोजण्याजोगे काहीच नाही. कुठलाही माणूस मेला तरी दुसऱ्या विश्वातून तसाच आणखी एक आणता येतो, मग रडायचे कशाला?

मोजण्याजोगी वस्तू मूळ कॉमिक्समध्येच पडून आहे. २०१५ च्या ‘सीक्रेट वॉर्स’ मालिकेपर्यंत नेणाऱ्या अंकांत लेखक जोनाथन हिकमन यांनी दोन विश्वांच्या टकरीचा नियम बांधला होता. टक्कर सुरू झाली की हातात आठ तास असतात. तेवढ्यात दोन पृथ्वींपैकी एक नष्ट झाली तर दोन्ही विश्वे वाचतात, नाहीतर दोन्ही जातात. हा नियम सिनेमाच्या पहिल्या वीस मिनिटांत, एकाच पात्राच्या तोंडून, दोन वाक्यांत सांगावा आणि पुढे मोडू नये. घड्याळ पडद्यावर चार वेळा दिसले तरी पुरे: आठ तास, सहा, तीन, आणि शेवटचा अर्धा तास. तो अर्धा तास खऱ्या अर्ध्या तासाइतकाच चालवावा. लढाईची तीस मिनिटे आपण धरलेलीच आहेत, ती आणि घड्याळ एकमेकांवर बसू देत.

या नियमाने आणखी एक अडचण सुटते. नायक नायकाशी लढतो तेव्हा बहुतेकदा गैरसमज कारण म्हणून पुढे केला जातो आणि तो पाच मिनिटांत मिटतो. इथे गैरसमज नाहीच. दोन्ही बाजूंची माणसे चांगली आहेत आणि दोघांनाही आपापल्या घरची मुलेबाळे वाचवायची आहेत. आठांच्या तीन तुकड्या करा. रीड रिचर्ड्स आणि शुरी हे दोन शास्त्रज्ञ गणितावर, आणि दोघांची उत्तरे वेगळी येऊ देत. सॅम विल्सन, येलेना आणि बकी हे लढवय्ये लोकांना हलवण्यावर. थॉर, मॅग्नेटो आणि प्रोफेसर झेवियर सीमेवर समोरासमोर. थॉरची मायभूमी अस्गार्ड गेली, मॅग्नेटो लहानपणी नाझींच्या छळछावणीतून वाचला. हे दोघे एकमेकांचे शत्रू म्हणून उभे राहिले तर बोलायला पुष्कळ आहे. थॉरचे शस्त्र मॅग्नेटोच्या चुंबकशक्तीने हलते की नाही, हे मात्र लिहायला बसण्यापूर्वी ठरवून कागदावर ठेवावे. अशी एकेक जोडी आधी ठरवली नाही, की एका दृश्यात हलते, दुसऱ्यात हलत नाही, आणि मुले घरी येईपर्यंत त्यावरच भांडतात.

नवा खलनायक डॉक्टर डूम याच्याबद्दल आम्हांला खरी काळजी वाटते. हे पात्र १९६२ मधले, स्टॅन ली आणि जॅक किर्बी यांचे, आणि त्याचे वैर रीड रिचर्ड्सशी आहे. मेलेल्या आईशी संपर्क साधणारे यंत्र त्याने कॉलेजात बनवले, रीडने दाखवलेली चूक मानली नाही, यंत्र फुटले आणि चेहरा विद्रूप झाला. सगळा डूम या अहंकारात आहे. आता ती भूमिका रॉबर्ट डाउनी ज्युनिअर करणार, म्हणजे ज्याने टोनी स्टार्क साकारला त्याचाच चेहरा. मोह होईल की डूमचा मुखवटा काढावा आणि लोकांना चकित करावे. मुखवटा काढू नये. काढायचाच तर एकदा, शेवटी, आणि रीडसमोर. बाहेरच्या फार कुणाच्या लक्षात न येणारा एक फायदाही यात आहे: मुखवट्यामागे ओठ दिसत नाहीत, त्यामुळे हिंदी डबिंगला त्याची वाक्ये ओठांच्या मापाने कापावी लागत नाहीत, पूर्ण वजनाने बोलता येतात. २०२३ मध्ये पुढचा मोठा खलनायक म्हणून आणलेला कॅंग पहिल्याच मोठ्या सिनेमात मुंग्यांच्या फौजेपुढे हरला आणि त्याची भीती तिथेच गेली. डूमला शेवटच्या अर्ध्या तासापर्यंत कुणी हरवता कामा नये.

शेवट पुसून टाकू नका, एवढी कळकळीची विनंती. एक पृथ्वी जाऊ दे. कॉमिकमध्ये मोजक्या लोकांना घेऊन निघालेली तराफ्यासारखी याने आहेत. तशी एकच ठेवा आणि तिच्यात जागा किती, हे आधी सांगा. जे बसले ते पुढच्या सिनेमांत, जे राहिले ते राहिले. मॅग्नेटो आणि झेवियर यांच्या एक्स-मेनना मुख्य कथेत आणायची वाटही याच यानातून निघते, वेगळी सबब शोधावी लागत नाही.

थोडे मध्यंतराबद्दल. अडीच तासांच्या सिनेमाला आपल्याकडे मध्यंतर होणारच, पण परदेशी लेखक ते धरून लिहीत नाहीत, म्हणून पात्राच्या तोंडात वाक्य असतानाच दिवे लागतात. डिजिटल प्रिंटसुद्धा आतून रिळांमध्ये विभागलेली असते. भारतासाठीच्या प्रिंटमध्ये ‘तीन तास उरले’ या घड्याळापाशी रीळ संपवून संकलकाने स्वतःच जागा ठरवून द्यावी. त्यानंतरचे पहिले मिनिट संवादाविना ठेवावे. लोक तेव्हा हातात पॉपकॉर्न घेऊन अंधारात आपली रांग शोधत असतात, आणि त्या मिनिटात सांगितलेली गोष्ट निम्म्या हॉलला ऐकूच येत नाही.

कळावे,
आपले,
इंदूरचे काही वाचक