सिडनीचा पहिला सरकारी आर्किटेक्ट

ती. बाबांना सा. नमस्कार,

परवा फोनवर तुम्ही विचारलंत सिडनीत बघण्यासारखं काय आहे आणि मी ऑपेरा हाऊस सांगून मोकळा झालो, पण ज्यांचा जन्म बांधकाम खात्यात गेला त्यांना सांगावा असा माणूस वेगळाच आहे, फोनवर ते नीट झालं नसतं म्हणून लिहितोय.

फ्रान्सिस ग्रीनवे. इंग्लंडात ब्रिस्टॉलकडे आर्किटेक्ट होता, दिवाळं निघालं, मग एका कागदात फेरफार करून पकडला गेला. 1812 साली फाशीची शिक्षा झाली, ती बदलून 14 वर्षं काळं पाणी, आणि 1814 मध्ये कैदी म्हणून जहाजातून इथे. तेव्हाचा गव्हर्नर मॅक्वारी, हा आधी फौजेत आपल्या मुंबईत होता बरं का, पहिलं लग्नही त्याने 1793 ला मुंबईतच केलं. त्याला शहर बांधायचं होतं आणि हाताशी शिकलेला आर्किटेक्ट नव्हता, मग काय, 1816 ला या कैद्यालाच सरकारी आर्किटेक्ट नेमलं, पगार दिवसाला 3 शिलिंग!

पहिलं मोठं काम दीपगृह. त्यातला दगड मऊ निघाला, काही वर्षांतच कमानी खचायला लागल्या आणि लोखंडी पट्टे ठोकून ते उभं ठेवलं. पुढे 1883 मध्ये जेम्स बार्नेट नावाच्या दुसऱ्या सरकारी आर्किटेक्टने शेजारीच जवळपास तसंच नवीन बांधलं, ते अजून चालू आहे. पण दीपगृहावर खूश होऊन मॅक्वारीने याला सशर्त माफी दिली, आणि 1819 ला हाइड पार्क बॅरक्स झाल्यावर पूर्ण माफी.

ही बॅरक्स मला फार आवडते. तीन मजली, विटांची, दर्शनी भागावर घड्याळ, नक्षीकाम जवळजवळ नाहीच, नुसत्या प्रमाणबद्धतेवर उभी आहे. सुमारे 600 कैद्यांना झोपायला, तेही टांगलेल्या झोळ्यांत, आणि बांधणारेही कैदीच. जमिनीच्या फळ्यांखाली उंदरांनी ओढून नेलेल्या चिंध्या नि कागद पुढे संशोधकांना सापडले, कैद्यांचं रोजचं जगणं त्यातून कळलं (आपल्याकडे रेकॉर्ड रूममध्ये उंदीर उलटंच करतात). 2010 पासून ती जागतिक वारशात आहे.

मग लंडनहून चौकशीला बिग नावाचे साहेब आले. कैद्यांच्या वसाहतीत एवढा थाट कशाला, हा त्यांचा सूर. गव्हर्नरच्या घोड्यांचे तबेले ग्रीनवेने किल्ल्यासारखे बांधलेले, बुरूज वगैरे, आता तिथे संगीताचं कॉलेज आहे. कोर्ट म्हणून सुरू केलेल्या इमारतीचं बिगसाहेबांनी सेंट जेम्स चर्च करायला लावलं. मला विचाराल तर बिगचं अगदीच चुकलं नव्हतं, खर्च होत होता हे खरंच. पण ग्रीनवेही भांडकुदळ, मॅक्वारी पद सोडून परत गेला आणि 1822 मध्ये याची नोकरी गेली, तर पठ्ठ्याने आपल्या कामाच्या फीचं 11 हजार पौंडांच्या वर बिल लावलं, आणि सरकारी घर काही सोडेना. क्वार्टर न सोडणाऱ्यांच्या किती फायली तुमच्या टेबलावर आल्या असतील!

1837 ला हंटर नदीकडच्या शेतावर गरिबीतच गेला, कबर नेमकी कुठली तेही कळत नाही. आणि 1966 ला इथे डॉलर आले तेव्हा 10 च्या नोटेवर फोटो कुणाचा, तर याच खोट्या कागदवाल्याचा. 1993 पर्यंत ती नोट निघत होती.

आता तुम्ही सांगा, ते 11 हजारांचं बिल तुमच्याकडे आलं असतं, मेजरमेंट बुक वगैरे सगळं व्यवस्थित असतं, पण माणूस पगारी नोकर, तर पास केलं असतंत का? आईला विचारू नका, ती लगेच हो म्हणेल.

तिला नमस्कार, गोळ्या वेळेवर घ्या.

तुमचा,
संजू